दारावरचा ‘पुश’ आला कुठून?

मे महिन्यातली दुपार होती. नागपुरात बर्डीवर एका बँकेच्या काचेच्या दारासमोर एक आजी उभ्या होत्या. डोक्याला-कानाला पांढरा दुपट्टा गुंडाळलेला, एका हातात पिशवी, पिशवीतून डोकावणारं पासबुक. मोकळ्या हाताने त्या दाराची मूठ धरून स्वतःकडे ओढत होत्या आणि दार काही हलत नव्हतं. मुठीच्या वर इंग्रजीत चार अक्षरं लिहिलेली होती, पण ती त्यांच्या कामाची नव्हती. "काऊन उघडून नाही राहिलं बापा हे?" त्या स्वतःशीच म्हणाल्या. मी मागून म्हटलं, "आजी, ढकला त्याला." त्यांनी वळून पाहिलं. "लोटू म्हण ना माय. दार लोटतेत, ढकलत नाहीत." मग काचेला तळवा टेकवून त्यांनी दार अलगद लोटलं आणि आतल्या गारव्यात शिरल्या.

मी नागपूरच्या महाल भागात मुलींच्या इंग्रजीच्या शिकवण्या घेते. ‘पुश म्हणजे ढकलणे’ हे गेली वीस वर्षं फळ्यावर लिहीत आले आहे. त्या दुपारी घरी येताना पहिल्यांदाच जाणवलं की आपण मुलींना अर्धाच अर्थ सांगतो. इंग्रजीतला हा एक शब्द जिथे जिथे जातो, तिथे मराठीत दर वेळी वेगळंच क्रियापद उभं असतं. हे नीट कळायचं असेल तर आधी तो शब्द इंग्रजीत आला कुठून ते पाहावं लागतं.

त्याचं मूळ लॅटिनमध्ये आहे. तिथे ‘पेल्लेरे’ असं एक क्रियापद होतं. हाकणे, ढकलणे, आघात करणे असे त्याचे अर्थ. लॅटिनला एक सवय होती. एखादी क्रिया पुन्हा पुन्हा होत असेल, तर त्याच धातूपासून ती वेगळं क्रियापद घडवायची. आपण ‘ढकल’ शब्द दोनदा उच्चारून ‘ढकलाढकल’ करतो, साधारण तसंच. ‘पेल्लेरे’पासून असं घडलेलं क्रियापद म्हणजे ‘पुल्सारे’, वारंवार आघात करणे, ठोकणे. आणि या ‘पुल्सारे’चा एक अगदी रोजचा वापर होता दार ठोठावण्यासाठी. बायबलमध्ये येशूचं वचन आहे: ‘ठोका म्हणजे तुमच्यासाठी उघडले जाईल.’ लॅटिन बायबलमध्ये या ‘ठोका’च्या जागी ‘पुल्साते’ आहे. म्हणजे बर्डीच्या त्या काचेच्या दारावर जो शब्द लिहिला आहे, त्याचा पणजोबा हजार-दीड हजार वर्षांपूर्वीही दारावरच उभा होता. तेव्हा तो ठोठावत होता, आता लोटायला सांगतो, एवढाच फरक. हे मला कळलं तेव्हा मी खरोखर उठून खोलीत दोन फेऱ्या मारल्या होत्या.

लॅटिन बोलली जाणारी मुलखं हळूहळू वेगवेगळ्या भाषा बोलू लागली. फ्रान्सच्या बाजूला ‘पुल्सारे’मधला ल मावळला आणि शब्द ‘पुसे’च्या जवळपास येऊन थांबला. आजही फ्रान्समध्ये दुकानांच्या दारावर ‘पुसे’ लिहिलेलं असतं. 1066 मध्ये नॉर्मंडीच्या विल्यमने इंग्लंड जिंकलं, तेव्हापासून पुढची दोन-तीन शतकं दरबारात, कचेऱ्यांत, मोठ्या घरांत फ्रेंच चालली आणि शेकडो फ्रेंच शब्द इंग्रजीत मुरले. आपल्याकडे फारसीतून अर्ज, दस्तऐवज, फिर्याद आले आणि आता ते परके वाटत नाहीत, तसंच. सुमारे 1300 च्या आसपासच्या इंग्रजी लिखाणात हा शब्द दिसू लागतो.

पण मग ‘पुसे’चा ‘पुश’ का झाला? सचा श कसा? इथे एक सुंदर रांग लागते. फ्रेंचमधून इंग्रजीत येताना अनेक शब्दांतल्या दुहेरी सने हेच केलं. घासायचा ब्रश, टेकायचं कुशन, काम उरकलं की म्हणतो तो फिनिश, हे सगळे फ्रेंचमध्ये सने बोलले जात होते आणि इंग्रजांच्या तोंडी त्यांचा श झाला. पुश याच रांगेतला. मुलींना हे सांगितलं की त्यांना ते फार लांबचं वाटतं, म्हणून मी त्यांना आपल्याच गल्लीतल्या शिलाईच्या दुकानात नेते. दुकानदार हिंदीत गिऱ्हाइकाला विचारतो, ‘क्या सीना है?’ आणि मराठी गिऱ्हाइकाला तोच विचारतो, ‘काय शिवायचं आहे?’ संस्कृतमधला सिव् हाच धातू, हिंदीत सने राहिला, मराठीत त्याचा श झाला. सीमेची ‘शीव’ झाली तीही अशीच. इ-ए हे स्वर पुढे आले की मराठीची जीभ सवरून शवर घसरते. इंग्रजीतली कारणं वेगळी आहेत, पण स आणि श हे शेजारी आहेत आणि शेजाऱ्यांची अदलाबदल प्रत्येक भाषेत होते.

जाता जाता एक गोष्ट. माणसाने मागून ढकलायच्या रिक्षाला फ्रेंचांनी ‘पुस-पुस’ म्हटलं आणि पुदुच्चेरीत त्या धावत असत. इंग्रजांच्या काळात हजारीबाग-रांचीकडे, म्हणजे आपल्या नव्हे तर छोटा नागपूरच्या पठारावर, माणसांनी ढकलत न्यायच्या गाडीला ‘पुशपुश’ म्हणत. दोन परक्या सत्तांनी दोन टोकांना एकाच शब्दाची सख्खी भावंडं भारतात आणून सोडली होती.

आता तो प्रश्न, जो नागपुरातच काय, कुठल्याही मराठी शाळेत पाचवी-सहावीतलं मूल विचारतंच. बी-यू-टी बट, सी-यू-टी कट, मग पी-यू-टी पुट का? आणि आर-यू-एस-एच रश, तर पी-यू-एस-एच पश का नाही? आमच्या बाईंनी मला ‘इंग्रजी भाषाच अशी, पाठ कर’ असं सांगितलं होतं. त्यात त्यांचा दोष नाही, त्यांनाही कुणी सांगितलं नव्हतं. पण याला उत्तर आहे आणि ते मुलांना द्यायला हवं.

एके काळी इंग्रजीत या सगळ्या शब्दांत ‘उ’च होता. बुट, कुट, पुट, रुश, पुश. सतराव्या शतकाच्या सुमारास दक्षिण इंग्लंडात हा उ सैल पडू लागला, ओठांचा चंबू सुटला आणि तो ‘अ’कडे सरकला. म्हणून बट, कट, रश. पण काही शब्दांत ओठांनी चंबू सोडला नाही. प, ब, फ, व ही व्यंजनं ओठांनीच उच्चारायची असतात. ओठ आधीच कामाला लागलेले असले आणि पुढे ल किंवा श आला, की गोल उ टिकून राहिला. पुल, बुल, फुल, पुश, बुश, सगळे याच घरातले. ‘पुट’ही टिकला. ‘बट’ मात्र ओठांनी सुरू होऊनही निसटला, म्हणजे हा काही पोलादी नियम नाही, कल आहे. इंग्लंडच्या उत्तर भागात हा बदल पोचलाच नाही. तिथले लोक आजही बसला ‘बुस’ म्हणतात. वर्गात हे सांगते तेव्हा मी मुलींना ओठांवर बोट ठेवून ‘पुश’ आणि ‘कट’ म्हणायला लावते. बोटाला फरक कळतो. एकदा बोटाला कळलेलं स्पेलिंग सहसा विसरत नाही.

‘पेल्लेरे’चा गोतावळा मोठा आहे आणि त्यातले बरेच जण आपल्या घरात येऊन-जाऊन असतात. डास पळवणारं ‘रिपेलंट’, म्हणजे मागे लोटणारं. विमानाचा, बोटीचा ‘प्रोपेलर’, म्हणजे पुढे लोटणारा. शाळेच्या फॉर्मवरचं ‘कम्पल्सरी’, म्हणजे चारी बाजूंनी रेटून एका जागी आणलेलं. शाळेतून ‘एक्स्पेल’ करणं, बाहेर लोटणं. हा शेवटचा शब्द नागपूरच्या मुलांना समजावणं सगळ्यात सोपं. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी काळी आणि पिवळी मारबत, म्हणजे मोठाले पुतळे, मिरवणुकीने निघतात, नेहरू पुतळ्यापाशी दोघींची गाठ पडते आणि गर्दी ओरडते, ‘इडा-पिडा, रोगराई घेऊन जा गे मारबत!’ गावातलं वाईट गावाबाहेर लोटून यायचं. मी म्हणते, हे एक्स्पेल. पुन्हा कधी विचारावं लागत नाही. न्यायालयातलं ‘अपील’ही बहुतेक कोश याच घराण्यात बसवतात, आणि उच्च न्यायालयाचं खंडपीठ असलेल्या शहरात तो शब्द किती कानांवर पडतो ते सांगायला नको.

आणि ‘पल्स’. डॉक्टर मनगट धरतात ती नाडी. ‘पुल्सारे’चाच सख्खा नातलग. रक्ताचा धक्का, पुन्हा पुन्हा. पुशच्या नात्यातला हा शब्द आपण जन्मभर मनगटात घेऊन फिरतो.

इथे एक इशारा मात्र द्यायलाच हवा. इंग्रजीत डाळी-कडधान्यांनाही ‘पल्सेस’ म्हणतात आणि इतवारीतल्या डाळींच्या बाजारात हा शब्द पोत्यांवर वाचायला मिळतो. स्पेलिंग तेच, उच्चार तोच, पण त्याचा नाडीशी काहीही संबंध नाही. तो लॅटिनमधल्या ‘पुल्स’वरून आला, म्हणजे घट्ट लापशी, पिठलं म्हणा हवं तर. तसंच आपलं ‘पुसणे’. आपल्या विदर्भात ‘त्याले पुसून घे’ म्हणजे विचारून घे. ते संस्कृत ‘पृच्छ’वरून आलं. फडक्याने पुसणं पुन्हा तिसरंच. ऐकायला पुशच्या जवळचं वाटतं म्हणून कुणी इंग्रजी शब्द मराठीतून गेला असं सांगू लागलं, तर थांबवावं. कानाला जुळणं आणि रक्ताचं नातं असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि मोबाइलवर फिरणाऱ्या निम्म्या व्युत्पत्ती या एकाच खड्ड्यात पडतात.

नातं नाही, पण विचार तोच, असे शब्द मात्र आपल्याकडे आहेत आणि मला ते जास्त मोलाचे वाटतात. ‘प्रेरणा’ घ्या. आज तो शब्द भाषणांत इतका वापरला जातो की त्याची धार गेली आहे. पण तो फोडून पाहा. प्र म्हणजे पुढे, ईर् म्हणजे हलवणे, चालवणे. प्रेरणा म्हणजे पुढे दिलेला धक्का. ‘प्रोपेल’ या शब्दाची बांधणी हुबेहूब अशीच आहे, फक्त तिथे यंत्र पुढे जातं आणि इथे मन.

त्याहून नवलाचा ‘विनोद’. नुद् म्हणजे लोटणे, वि म्हणजे दूर. विनोद म्हणजे मुळात दूर लोटणं. कशाला? कंटाळ्याला, शिणाला. मन रमवून शीण घालवणारं जे काही, ते विनोद, आणि पुढे मराठीत त्याचा अर्थ हसवणं इतका आखडला. इंग्रजीतला ‘डिस्पेल’ हा शब्द असाच जोडलेला आहे: ‘डिस’ म्हणजे दूर, ‘पेल’ म्हणजे लोटणे. दोन भाषांनी एकमेकींना न विचारता एकच वस्तू घडवली.

आणि गायत्री मंत्र. ‘धियो यो नः प्रचोदयात्’ हे लाखो घरांत रोज म्हटलं जातं. प्रचोदयात् म्हणजे पुढे लोटो, चालना देवो. कुणाला? ‘धियः’, आमच्या बुद्धीला. मागणं आहे ते आम्हाला थेट मुक्कामी पोचवण्याचं नाही, आमच्या बुद्धीला धक्का देण्याचं आहे. ज्या सवित्याकडे हे मागायचं, त्याचं नावही ‘सू’ या धातूवरून आलेलं, आणि त्या धातूचा अर्थही चालना देणे हाच. एका ओळीत लोटणारा आणि लोटणं दोन्ही आले. माझे वडील रोज सकाळी हा मंत्र म्हणत. त्याचा हा अर्थ मला ते गेल्यावर कळला. त्यांच्याशी तो बोलायचा राहून गेला.

पुश इंग्रजीत बाहेरून आला, मग त्याआधी इंग्रज काय ढकलत नव्हते? ढकलत होते. त्यांचा घरचा शब्द होता ‘शव्ह’. जर्मन आणि डच भाषांत त्याची भावंडं आजही आहेत. गंमत म्हणजे पाहुण्याने घरच्याला ओसरीवर बसवलं. आज पुश हा साधा, सभ्य शब्द आहे आणि शव्हमध्ये आडदांडपणा आहे, आपल्या ‘ढोसणे’ किंवा ‘कोंबणे’सारखा. पण शव्हची एक लेक नागपूरच्या आसपास जोरात आहे. वेस्टर्न कोलफिल्ड्सचं मुख्यालय आपल्या सिव्हिल लाइन्समध्ये, आणि उमरेड-सावनेरकडच्या कोळसा खाणींत ‘शॉवेल’ हा शब्द कामगाराच्या तोंडी रोजचा. डंपरमध्ये कोळसा भरणारं ते अजस्र यंत्र. शॉवेल म्हणजे ‘शव्ह’ करायचं साधन, फावडं. पत्ते पिसण्याचं, मोबाइलवरची गाणी उलटसुलट वाजवण्याचं ‘शफल’ही त्याच कुळातलं. आणि काही भाषाशास्त्रज्ञ आपला ‘क्षोभ’ या कुळाशी जोडतात. क्षुभ् म्हणजे ढवळून निघणं, हादरणं. सगळे अभ्यासक हे नातं मान्य करत नाहीत, पण क्षुब्ध माणूस आतून कुणीतरी गदागदा हलवल्यासारखाच दिसतो, एवढं खरं.

आता अर्थांकडे येऊ. सुरुवातीला पुश अंगाबरोबर होता. हाताने, खांद्याने, आणि शिंगानेसुद्धा. 1611 च्या इंग्रजी बायबलमध्ये शिंगं मारायची खोड असलेल्या बैलाबद्दल नियम दिला आहे आणि तिथे बैल ‘पुश’ करतो. आपण म्हणू, मारका बैल, ढुशी मारतो. त्याच काळातले सैनिक लांब भाले रोखून समोरासमोर भिडत, त्या रेटारेटीलाही पुशच म्हणत. मग हळूहळू शब्द अंगातून सुटला. माणसाला कामाला जुंपणं पुश झालं, एखादी मागणी लावून धरणं पुश झालं, माल खपवणं पुश झालं, मादक पदार्थ विकणारा ‘पुशर’ झाला, फार पुढे पुढे करणारा ‘पुशी’ झाला. ढकलायला आता हात लागेना, इच्छा पुरेशी झाली.

मराठीने हे सगळं एका शब्दाच्या डोक्यावर ठेवलं नाही. आजींनी मला त्या दुपारी हेच सांगितलं होतं. दार लोटायचं. पाट सारायचा. टेबल सरकवायचं. बंद पडलेल्या स्कूटरला धक्का मारायचा. बटन दाबायचं, मतदान यंत्रावरचंसुद्धा. गुरं हाकायची, कोंबड्या हुसकायच्या, कुत्र्याला पिटाळायचं. सुई खुपसायची. गर्दीत रेटायचं. डिसेंबरात सिव्हिल लाइन्सच्या विधानभवनात हिवाळी अधिवेशन भरतं, तेव्हा विरोधकांचा आवाज चढलेला असताना विधेयक ‘रेटून’ नेलं जातं, आणि बाहेर यशवंत स्टेडियमकडून निघालेल्या मोर्चांचाही सरकारवर ‘रेटा’च असतो. ढकलला जातो तो दगड, गाडा, आणि अंगावर आलेला माणूस. ढकलण्यात थोडा बेपर्वापणा आहे. म्हणून दाराला ढकलणं आजींना खटकलं. दार घरचं असतं. ‘जाताना दार लोटून घे’ यात कडी न लावण्याचा विश्वासही असतो, तो ‘ढकलून घे’मध्ये कसा येईल? दुकानांच्या दारांवर नुसतं ‘लोटा’ लिहिलं तर पाण्याचा लोटा डोळ्यांसमोर येईल हे मान्य. पण ‘दार लोटा’ लिहायला जागा पुरते.

वयाबद्दल बोलतानाही हाच फरक. इंग्रज पन्नाशीला रेटत जातो, ‘पुशिंग फिफ्टी’ म्हणतो. मराठी माणूस पन्नाशीला टेकतो. मला आपलं टेकणं जास्त आवडतं.

एका ठिकाणी मात्र इंग्रजी शब्द साऱ्या जगाला पाठ आहे. बाळंतपणाच्या खोलीत. माझ्या धाकट्या जावेच्या वेळी मी तिच्या उशाशी होते. तिथल्या सिस्टरबाई एकदाही ‘पुश’ म्हणाल्या नाहीत. "कळ दे बाई, कळ दे. आता जोर लाव." शब्दशः पाहिलं तर यात ढकलणं कुठेच नाही. कळ येते ती वेदना, आणि तीच ‘द्यायची’. जी गोष्ट तुझ्यावर कोसळते आहे तीच तू हातात घे, असं ती भाषा सांगत होती. पहाटे चारला पुतणी झाली. इंग्रजीतला शब्द तिथे बरोबरच आहे, पण सिस्टरबाईंच्या त्या दोन शब्दांत जास्त माया होती असं मी म्हणेन.

मुलींची सगळ्यात जास्त गडबड कुठे होते, तर वेळेबाबत. आपण म्हणतो, परीक्षा पुढे ढकलली. म्हणजे उशिरा होणार, यात मराठी माणसाला तिळमात्र शंका नाही. म्हणून इंग्रजीत बोलताना मुलगी ‘पुश्ड फॉरवर्ड’ म्हणते. आता इंग्रज उशिरासाठी काय म्हणतो? ‘पुश्ड बॅक’. मागे ढकलली! माझी एक जुनी विद्यार्थिनी मिहान या इथल्या उद्योगक्षेत्रात नोकरीला लागली आणि पहिल्याच महिन्यात तिने बैठक उशिरा होणार हे कळवायला मराठीतलं ‘पुढे ढकलली’ जसंच्या तसं इंग्रजीत लिहिलं. पलीकडची माणसं दोन दिवस आधीच जोडली गेली. ती रडवेली होऊन माझ्याकडे आली, तेव्हा मी तिला सांगितलं ते इथेही सांगते, कारण ही चूक बुद्धीची नाही, चित्राची आहे.

मराठीच्या मनात काळ म्हणजे रस्ता आणि आपण त्यावर चालतो आहोत. पुढे भविष्य, मागे भूतकाळ. परीक्षा समोर रस्त्यात ठेवलेली आहे. तिला आणखी पुढे ढकललं की ती आपल्यापासून लांब गेली, म्हणजे उशीर. सरळ हिशेब. इंग्रजीतही भविष्य पुढेच असतं, पण ‘बॅक’ म्हणताना चित्र उलटतं. तिथे परीक्षा आपल्याकडे तोंड करून चालत येते आहे आणि तिला छातीवर हात लावून मागे लोटायचं, की ती लांब जाते. म्हणजे दोन्ही भाषांत परीक्षा आपल्यापासून दूरच जाते आहे. एकीकडे दिशा आपल्या तोंडावरून मोजली, दुसरीकडे परीक्षेच्या तोंडावरून. ही दोन चित्रं इंग्रजांच्या स्वतःच्या डोक्यातही भांडतात. बुधवारची बैठक दोन दिवस ‘फॉरवर्ड’ केली तर ती कधी होईल, असं मानसशास्त्रज्ञांनी इंग्रजी बोलणाऱ्यांना विचारून पाहिलं आहे. काहींनी सोमवार सांगितला, काहींनी शुक्रवार. मराठीत ‘दोन दिवस पुढे ढकलली’ म्हटलं की सरळ शुक्रवार, वाद नाही. आधी घ्यायची असेल तर आपण ‘अलीकडे आणली’ म्हणतो. या एका बाबतीत आपली भाषा इंग्रजीपेक्षा स्वच्छ आहे आणि हे मी मुलींना छाती फुगवून सांगते. इंग्रजीत लिहिताना मात्र पुश टाळा, सरळ नवी तारीख लिहा.

‘ढकलणे’ काळाला लागलं की आणखी एक छटा येते. ‘दिवस ढकलणे’. घरात कमावणारं कुणी उरलं नाही, म्हातारपण एकट्याच्या वाट्याला आलं, की माणूस दिवस ढकलतो. इथे दिवस गाड्यासारखा जड असतो. त्याच्या शेजारीच ‘धकवणे’ बसलं आहे, ‘या महिन्याचं कसंबसं धकवलं’. धक्का, ढकलणे, हिंदीतलं धकेलना हे सगळे एका कुटुंबातले. इंग्रजीत या दिवस ढकलण्याला पुश चालत नाही. हे दुःख त्या शब्दाच्या आवाक्यात नाही.

मोबाइलवरचं ‘पुश नोटिफिकेशन’ सोपं आहे. दूध आणायला तुम्ही डेअरीवर गेलात तर ते ‘पुल’, तुम्ही ओढून आणलं. दूधवाल्याने पहाटे दाराशी पिशवी ठेवली तर ते ‘पुश’, त्याने तुमच्यापर्यंत लोटलं. फोन सारखा सर्व्हरला ‘काही आलं का?’ विचारत बसला तर बॅटरी जाते, म्हणून सर्व्हरच काही आलं की कळवतो. ॲपलने 2009 मध्ये ही सोय आयफोनला दिली आणि पुढे ती सगळीकडे झाली.

रेल्वेतलं ढकलणं मला त्याहून प्रिय आहे. इटारसीकडून नागपूरला येताना धाराखोह ते मरामझिरी हा सातपुड्याचा चढ लागतो. जड गाडीला एकट्या इंजिनाने तो निघत नाही, म्हणून धाराखोहला मागून जादा इंजिनं लावतात. रेल्वेची माणसं त्यांना ‘बँकर’ म्हणतात. रात्री त्या गाडीत झोपलेल्याला कळतही नाही की आपल्याला कुणीतरी पाठीमागून वर रेटतं आहे. चढ संपला की ती इंजिनं सुटतात आणि पुन्हा पुढच्या गाडीसाठी खाली जातात.

शेवटी एक शब्द, जो नागपूरकर दिवसातून दहा वेळा वापरतो आणि त्यात ढकलणं आहे हे त्याच्या ध्यानातही नसतं. पुण्या-मुंबईला पानाची टपरी असते. आपल्याकडे पानठेला. चायठेलाही आहेच. हा ठेला हिंदीतल्या ‘ठेलना’वरून आला, ठेलना म्हणजे ढकलणे. ढकलत न्यायची गाडी ती ठेला. पण आपले पानठेले कुठे हलतात? चाकं कधीच जमिनीत रुतलेली असतात, खाली विटा लावलेल्या असतात. आणि योगायोग असा की जुन्या मराठीत ‘ठेलणे’ म्हणजे थांबणे, जागीच उभं राहणे. ज्ञानेश्वरांच्या काळचा माणूस ‘ठेला’ ऐकून म्हणाला असता, थांबला. नागपूरच्या कोपऱ्यावरच्या त्या गाडीला दोन्ही अर्थ लागू पडतात. जन्म हिंदीतला, वागणूक जुन्या मराठीतली.

आमच्या शिकवणीच्या कोपऱ्यावरचा ठेला पंधरा वर्षं असाच ठेलला होता. गेल्या पावसाळ्याआधी नालीच्या कामासाठी रस्ता खोदायचा निघाला आणि ठेला चार हात बाजूला घ्यायला सांगितलं. ठेलेवाले काका वर्गाच्या दारात आले. "मॅडम, पोरींना जरा पाठवता का? हात लागेल." आम्ही सगळ्याच गेलो. एक ऑटोवाले दादाही थांबले. काकांनी विटा काढल्या. ऑटोवाले दादा म्हणाले, "एकसाथ धक्का मारा." एक मुलगी म्हणाली, "रेटा गं, रेटा." मागच्या घरातल्या काकू ओट्यावरून ओरडल्या, "लोटा पण हळू, बरण्या आहेत आत!" काकांनी स्वतः खांदा लावला आणि दात आवळून म्हणाले, "ठेलो ना भाऊ, ठेलो!" चाक मातीतून उसळलं, आतल्या बरण्या एकमेकींवर आपटून वाजल्या आणि ठेला हलला.

मग काकांनी बरण्या सरळ केल्या, हात पुसले आणि सगळ्यांसाठी मीठा पानं लावायला घेतली.